शाळा न्यायाधिकरण: नोकरीची खिडकी इथं, पगाराची दुसरीकडे

अनुदानित शाळेतल्या शिक्षकाला दोन धनी असतात. नेमणूक संस्था करते, पगार सरकार देतं. नेमणुकीवरून वाद पेटला की पहिली चूक इथंच होते. संस्थेविरुद्धचं गाऱ्हाणं शिक्षणाधिकाऱ्याकडे जातं, शिक्षणाधिकाऱ्याविरुद्धचं न्यायाधिकरणाकडे. दोन्हीकडून कागद परत येतो आणि तोवर अपिलाचे तीस दिवस उलटलेले असतात. म्हणून शाळा न्यायाधिकरणाचं, म्हणजे सगळे ज्याला ‘ट्रिब्युनल’ म्हणतात त्याचं, हे परीक्षण. एखाद्या सेवेकडे पाहावं तसंच त्याच्याकडे पाहिलं आहे: काय मिळतं, काय मिळत नाही, जाताना काय न्यावं लागतं आणि कुठं अडतं.

न्यायाधिकरण १९७७ च्या महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी सेवाशर्ती कायद्याखाली चालतं. बोलताना सगळे त्याला एमईपीएस कायदाच म्हणतात. पीठासीन अधिकारी न्यायाधीश असतो, शिक्षण खात्यातला माणूस नव्हे. या सेवेचा हा सगळ्यात मोठा गुण. शाळा अनुदानित असो वा विनाअनुदानित, मान्यताप्राप्त खासगी असली की पुरे. मात्र कलम ९ चं दार अरुंद आहे. बडतर्फी, सेवेतून काढणं, अन्य कुठल्याही प्रकारे सेवासमाप्ती, पदावनती, आणि बढतीत डावललं जाणं, एवढ्यासाठीच अपील चालतं. वैयक्तिक मान्यता (नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्याची मंजुरी) नाकारली, शालार्थ आयडी (सरकारी पगारासाठीचा क्रमांक) मिळत नाही, पगार थकला, बदली केली, निलंबन केलं, यातलं काहीही थेट इथं आणता येत नाही. सेवाज्येष्ठतेचा वाद या कायद्याखालच्या नियमावलीतल्या नियम १२ प्रमाणे शिक्षणाधिकाऱ्याकडे जातो. कनिष्ठाला मुख्याध्यापक केलं तर मात्र डावलल्याचं अपील इथं होतं आणि त्यात ज्येष्ठतेचाही कस लागतो. हा फरक कळला नाही तर वर्ष-दोन वर्षं सहज वाया जातात.

मुदत तीस दिवसांची, आदेश हातात पडल्याच्या दिवसापासून. उशीर माफ होऊ शकतो, पण त्यासाठी स्वतंत्र अर्ज आणि सबळ कारण लागतं. ‘संस्थाचालक आज घेतो, उद्या घेतो म्हणत होते’ हे कारण सगळ्यात जास्त सांगितलं जातं आणि तेच सगळ्यात कमी टिकतं, कारण त्याचा लेखी पुरावा कुणाकडेच नसतो.

खरी अडचण लेखी आदेशच नसतो तेव्हा. जूनमध्ये शाळा उघडते, शिक्षक मस्टरवर सही करायला जातो, त्याच्या नावाची ओळच नसते. मुख्याध्यापक म्हणतात, ‘संस्थेत जाऊन भेटा.’ संस्थेत सचिव भेटत नाहीत. ही तोंडी सेवासमाप्ती. तिच्याविरुद्धही अपील चालतं, पण तारीख सिद्ध करायची जबाबदारी शिक्षकावर येते. म्हणून त्याच दिवशी मुख्याध्यापक, संस्थेचे अध्यक्ष आणि सचिव यांना रजिस्टर पोस्टानं पत्र पाठवावं: अमुक तारखेला इतक्या वाजता कामावर हजर झालो, सही करू दिली नाही. प्रत शिक्षणाधिकाऱ्याकडे द्यावी आणि त्या कचेरीचा आवक शिक्का स्वतःच्या प्रतीवर घ्यावा. पोस्टाची पावती आणि पोचपावती एकत्र टाचून ठेवावी. पुढं संस्था ‘हा स्वतःच यायचा बंद झाला’ असं हमखास म्हणते. त्या दिवशीचं दोन ओळींचं पत्र तिथं उपयोगी पडतं.

अपील दाखल झालं की न्यायाधिकरण आधी काढलं कसं हे पाहत नाही. नेमलं कसं ते पाहतं. शाळा मान्यताप्राप्त आहे का, आणि नेमणूक कलम ५ व नियमांप्रमाणे झाली आहे का, हे प्राथमिक मुद्दे. नेमणूकच बेकायदा ठरली तर काढण्याची पद्धत कितीही चुकीची असली तरी फारसं हाती लागत नाही. अनेक शिक्षकांना हा अन्याय वाटतो: चूक संस्थेनं करायची आणि भोगायची शिक्षकानं! पण जनतेच्या पैशातून पगार जाणाऱ्या पदासाठी न्यायालयं याहून सैल धोरण घेत नाहीत, आणि आमच्या मते घेऊही नये.

तेव्हा फाईल काय सांगते ते पाहावं. कायम पद भरण्याआधी संस्थेनं शिक्षणाधिकाऱ्याकडे (मुंबईत शिक्षण निरीक्षकाकडे) अतिरिक्त, म्हणजे पद गेलेल्या, शिक्षकांच्या यादीत योग्य माणूस आहे का, हे विचारायचं असतं. ही कलम ५ मधलीच अट आहे. त्या पत्राची प्रत आणि उत्तर हवं. मागासवर्ग कक्षाकडून तपासलेली बिंदुनामावली, म्हणजे कुठलं पद कुठल्या आरक्षण प्रवर्गाचं हे सांगणारा तक्ता, हवी, आणि भरलेला बिंदू त्याच प्रवर्गाचा हवा. त्या वर्षाच्या संचमान्यतेत, म्हणजे पटसंख्येवरून पदं ठरवणाऱ्या सरकारी आदेशात, पद मंजूर हवं. जाहिरातीचं कात्रण पूर्ण हवं, म्हणजे वर्तमानपत्राचं नाव आणि तारीख दिसेल असं. नुसता कापलेला चौकोन चालत नाही. मुलाखतीचा गुणतक्ता, निवडीचा ठराव, अनुसूची ‘ड’ च्या नमुन्यातला नियुक्ती आदेश, रुजू अहवाल, मस्टरची पानं, सेवापुस्तकाची पहिली दोन पानं. यातलं निम्मं शिक्षकाकडे नसतंच. अनुदानित शाळेला माहिती अधिकार लागू आहे. दहा रुपयांच्या अर्जावर तीस दिवसांत प्रती मागता येतात. नोकरी सुरळीत चालू असतानाच हा अर्ज करावा. भांडण लागल्यावर ‘अभिलेख पावसात भिजला’ असं उत्तर येतं.

नियुक्ती आदेश हा एक कागद भिंगातून वाचण्याजोगा. त्यात ‘परिविक्षाधीन, दोन वर्षे’ किंवा ‘शिक्षणसेवक, तीन वर्षे’ असे शब्द असले तर पाया पक्का. दोन वर्षांची परिविक्षा, म्हणजे काम अजमावण्याचा काळ, पूर्ण झाल्यावर कायद्यानं कायम झाल्याचं मानलं जातं, वेगळा आदेश असो वा नसो. पण ‘पुढील आदेशापर्यंत’, ‘शैक्षणिक वर्षापुरते’ किंवा ‘निव्वळ तात्पुरत्या स्वरूपात’ असं लिहिलं असेल तर प्रकरण अवघड होतं. हिंदुस्थान एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं १९९७ मध्येच सांगितलं की अशा तात्पुरत्या नेमणुकीला कायमपण येत नाही. पुढं सेठ डी. एम. हायस्कूल प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं, पद कायमचं रिकामं होतं एवढ्यावरून नेमणूक आपोआप परिविक्षेवरची ठरत नाही, असा निर्वाळा दिला. दर जूनला नवा आदेश आणि दर एप्रिलला खंड, असं सात-आठ वर्षं काढलेले शिक्षक कमी नाहीत. त्यांना ‘इतकी वर्षं केली म्हणजे हक्क झालाच’ असं सांगणारे भेटतात. त्या सल्ल्यावर अपील टाकू नये. त्या प्रत्येक वर्षी पद मंजूर आणि निवड रीतसर होती, हे दाखवता येत असेल तरच टाकावं.

दुसरा भिंगाखालचा कागद जावक रजिस्टर, म्हणजे बाहेर जाणाऱ्या पत्रांची नोंदवही. मागच्या तारखेची नेमणूक तिथं पकडली जाते. २ मे २०१२ च्या शासन निर्णयानं अतिरिक्त शिक्षकांचं समायोजन होईपर्यंत भरती थांबवली. त्याआधीच्या ऑक्टोबरातल्या पटपडताळणीत फुगवलेली पटसंख्या उघडी पडली होती, आणि अतिरिक्त शिक्षकांना जागा देण्याआधी नवी भरती नको असं धोरण होतं. त्यानंतर ‘नेमणूक २०१२ च्या आधीचीच आहे’ म्हणणारे प्रस्ताव वाढले. रजिस्टरमध्ये क्रमांक २१४ नंतर ‘२१४-अ’ दिसला, त्याची शाई वेगळी आणि अक्षर मात्र २०१६ सालच्या नोंदींसारखं असलं, की पुढं फार बोलायला उरत नाही. मस्टरवर त्या वर्षीच्या सह्या नाहीत, निकालपत्रकावर वर्गशिक्षक म्हणून नाव नाही, मूल्यमापनाच्या याद्यांत नाव नाही. एवढी पडताळणी कुठलाही जाणता अधिकारी अर्ध्या तासात करतो. २०२५ मध्ये नागपूर विभागात बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण उघडकीला आलं, गुन्हे नोंदले गेले, विशेष तपास पथक नेमलं गेलं. तेव्हापासून खऱ्या नेमणुकीच्या शिक्षकालाही प्रत्येक आदेशाची मूळ प्रत काढून दाखवावी लागते.

संस्थेतच दोन गट असले की त्याहून वाईट. दोन्ही गट धर्मादाय आयुक्तांकडे चेंज रिपोर्ट, म्हणजे विश्वस्त बदलल्याची नोंद करायचा अर्ज, घेऊन उभे असतात, आणि एकाच पदावर एका गटानं एक शिक्षक नेमलेला असतो, दुसऱ्यानं दुसरा. नेमणुकीच्या तारखेला परिशिष्ट एकवर, म्हणजे धर्मादाय कचेरीतल्या विश्वस्तांच्या नोंदीत, कुणाची नावं होती, त्याचा प्रमाणित उतारा घेतल्याशिवाय अशा संस्थेत रुजूच होऊ नये. नंतर तो उतारा मिळतो, पण तोवर आपण एका गटाचा माणूस झालेलो असतो.

नेमणूक टिकली की मग काढण्याच्या पद्धतीची पाळी, आणि इथं मात्र न्यायाधिकरण शिक्षकाच्या बाजूनं चांगलं काम करतं. कारण संस्था इथं ढिसाळ असतात. परिविक्षाधीनाला एक महिन्याच्या नोटिशीनं काढता येतं, पण काम असमाधानकारक होतं हे नियम १५ प्रमाणे मुख्याध्यापकानं वेळोवेळी नोंदवलेलं असावं लागतं. पाठनिरीक्षणाच्या नोंदी नाहीत, गोपनीय अहवाल कळवलेला नाही, आणि शेवटच्या महिन्यात अचानक ‘अध्यापन समाधानकारक नाही’. असा आदेश बहुधा पडतो. प्रोग्रेसिव्ह एज्युकेशन सोसायटीच्या २००८ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊनही संस्थेला यश आलं नाही.

कायम शिक्षकाला काढायचं तर नियम ३६ ची चौकशी समिती लागते, आणि तिची रचना ठरलेली आहे: एक सदस्य व्यवस्थापनाचा, एक शिक्षकानं कुठल्याही खासगी शाळेतल्या कर्मचाऱ्यांमधून सुचवलेला, तिसरा राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतून. चौकशी साधारण १२० दिवसांत संपवायची असते. सगळ्यात जास्त प्रकरणं समितीच्या घडणीवरच कोसळतात. व्यवस्थापन स्वतःचा वकील ‘चौकशी अधिकारी’ म्हणून नेमतं, तिसरा सदस्य बैठकांना येत नाही, शिक्षकाच्या प्रतिनिधीला कागदच दिले जात नाहीत. शिक्षकानंही आपला प्रतिनिधी सुचवण्याची १५ दिवसांची मुदत पाळावी. रागानं गप्प बसलं तर उरलेले दोघे चौकशी पुढं नेऊ शकतात आणि मग समिती अपुरी होती अशी तक्रार करायला तोंड राहत नाही.

राजीनाम्याबद्दल थोडं सविस्तर, कारण ही युक्ती जुनी आहे. रुजू होतानाच कोऱ्या कागदावर किंवा तारीख न टाकलेल्या राजीनाम्यावर सही घेतात. कलम ७ म्हणतं, राजीनाम्याच्या दोन प्रती काढायच्या, दोन्हींवर सही आणि तारीख टाकायची, एक रजिस्टर पोस्टानं व्यवस्थापनाला पाठवायची आणि दुसरी स्वतःकडे ठेवायची. ही तजवीज याच युक्तीवर तोडगा म्हणून आहे. संस्थेनं ‘हा पाहा राजीनामा’ म्हणून कागद पुढं केला की पहिला प्रश्न विचारावा: पाकीट कुठं आहे? टपाल नोंद कुठं आहे? तारखेचं अक्षर कुणाचं आहे? अशी सही दिली असल्याचं लक्षात आलं असेल तर वादाची वाट न पाहता आत्ताच रजिस्टर पोस्टानं ती मागं घेतल्याचं कळवावं.

आता वेग. कायदा म्हणतो, अपील तीन महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा आणि न जमल्यास कारण लिहावं. प्रत्यक्षात तीन महिने समोरच्यांचं वकीलपत्र आणि लेखी म्हणणं यायलाच लागतात. पीठासीन अधिकाऱ्याचं पद रिकामं असलं तर नुसत्या तारखाच पडतात. म्हणून अपिलासोबतच स्थगितीचा अर्ज द्यावा. तो अधिकार न्यायाधिकरणाला आहे. आपल्या जागी दुसरा शिक्षक नेमला गेला असेल तर त्याला आणि शिक्षणाधिकाऱ्याला पहिल्याच दिवशी पक्षकार करावं. हे न केल्यानं वर्षांनंतर निकाल लागूनही तो उच्च न्यायालयातून परत फेरसुनावणीला येतो. वेगाला पाचपैकी दोन. तेही ज्या ठिकाणी नियमित पीठासीन अधिकारी आहे तिथं.

मिळणाऱ्या उपायांना मात्र चार द्यावेत. पुनर्स्थापना, थकीत वेतन, शिक्षा कमी करणं, मूळ पद परत देणं, हे सगळं कलम ११ मध्ये आहे. पुन्हा घ्यायचं नाही असं ठरलं तर दहा वर्षं किंवा जास्त सेवेला बारा महिन्यांचा आणि त्याहून कमी सेवेला सहा महिन्यांचा पगार भरपाई म्हणून देता येतो. मागच्या पगारासाठी एक वाक्य अपिलातच लिहावं लागतं: काढल्यापासून मला दुसरीकडे लाभाची नोकरी नाही. ते लिहून शपथपत्र दिलं की उलट सिद्ध करायचं ओझं संस्थेवर जातं. क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालयाच्या प्रकरणात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हे नीट उलगडून सांगितलं आणि उच्च न्यायालयानं काढून टाकलेला पूर्ण मागील पगार पुन्हा दिला. मधल्या काळात शिकवण्या घेतल्या असतील तर लपवू नयेत. शिकवण्या म्हणजे पूर्ण पगाराची नोकरी नव्हे, पण खोटं शपथपत्र सगळंच बुडवतं.

अंमलबजावणीला दीड. पुनर्स्थापनेचा आदेश घेऊन शिक्षक शाळेत जातो आणि मुख्याध्यापक ‘संस्थेचं पत्र आणा’ म्हणतात. न पाळल्यास शिक्षेची तरतूद आहे, पण तो वेगळा फौजदारी मार्ग, वेगळा वेळ. शिक्षकाची रक्कम संस्थेच्या अनुदानातून कापून थेट त्याला द्यावी, अशी शिफारस न्यायाधिकरण सरकारला करू शकतं. कागदावर झकास. पण वेतन अनुदान कर्मचाऱ्यांच्या खात्यात थेट जातं. संस्थेच्या हातात येतं ते वेतनेतर अनुदान, आणि त्यातून आठ वर्षांचा मागचा पगार वसूल करायचा म्हणजे घागरीनं विहीर उपसणं.

इथंच दुसरी खिडकी लागते. सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं सांगितलं आहे की शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता ही नेमणूक वैध ठरण्याची पूर्वअट नाही. तिचा संबंध अनुदानाशी आहे. म्हणजे मान्यता नाही म्हणून न्यायाधिकरण हाकलून देणार नाही. पण न्यायाधिकरणात जिंकलात म्हणून सरकारी पगार सुरू होईलच असंही नाही. मान्यता नाकारल्याचा आदेश स्वतंत्रपणे उच्च न्यायालयात रिट याचिकेनं आव्हानावा लागतो. तो आदेश वाचताना कारणं मोजावीत. ‘पद भरण्यास बंदी’, ‘बिंदुनामावली नाही’, ‘पवित्र पोर्टलवरून निवड नाही’, ‘टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) नाही’. प्रत्येक कारणाचं उत्तर वेगळ्या कागदात आहे. २३ जून २०१७ च्या शासन निर्णयानंतर अनुदानित शाळांची शिक्षकभरती पवित्र पोर्टल या सरकारी संकेतस्थळावर गेली, त्यामुळे त्यानंतर फक्त जाहिरात आणि मुलाखतीवर झालेली नेमणूक वाचवणं कठीण. उलट, आधी दिलेली मान्यता सुनावणी न घेता रद्द केली असेल तर शिक्षकाची बाजू भक्कम असते. अशा आदेशांना उच्च न्यायालयानं अनेकदा बाजूला सारलं आहे.

टीईटीचं गणित १ सप्टेंबर २०२५ रोजी बदललं. निवृत्तीला पाच वर्षांहून जास्त अवधी असलेल्या सेवेतल्या शिक्षकांनी दोन वर्षांत टीईटी उत्तीर्ण व्हावं, आणि पाच वर्षांहून कमी उरलेल्यांनाही बढती हवी असेल तर ती लागेल, असं सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं. अल्पसंख्याक शाळांना हे किती लागू, हा प्रश्न मोठ्या पीठाकडे गेला आहे. ज्यांचं अपील आत्ता न्यायाधिकरणात पडून आहे त्यांनी परीक्षेचा अर्ज भरायला विसरू नये. केस जिंकून परत आल्यावर या मुद्द्यावर पुन्हा बाहेर जायची पाळी येऊ शकते, आणि ‘मी तेव्हा नोकरीत नव्हतो’ हे उत्तर कितपत चालेल यावर पैज लावण्यात अर्थ नाही.

न्यायाधिकरणाचा निकाल अंतिम असतो, त्यावर अपील नाही. हरलेला पक्ष रिट घेऊन उच्च न्यायालयात जातो. त्यामुळे निकाल बाजूनं लागला की प्रमाणित प्रतीचा अर्ज त्याच दिवशी करावा आणि कॅव्हेट त्याच आठवड्यात टाकावं, म्हणजे आपल्याला न ऐकता स्थगिती मिळत नाही. कॅव्हेट ९० दिवस टिकतं. संस्था ९१ व्या दिवसाची वाट पाहणारी असेल तर नव्यानं टाकावं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आहे, तेव्हा तिथल्या शिक्षकांनी कॅव्हेट मुंबईत टाकून निर्धास्त बसू नये.